लस दिली, तरी साल्मोनेला परत आला: तपास कुठून सुरू करायचा

साल्मोनेला म्हणजे कोंबडीच्या आतड्यात राहणारा आणि अंड्यातून माणसापर्यंत पोचणारा जंतू. त्याबद्दल अंड्याच्या कोंबड्या पाळणाऱ्यांची तक्रार जवळजवळ ठरलेल्या शब्दांत येते. "पिल्लं आली तेव्हा पाण्यातून लस दिली, पुढे बूस्टर झाला, अंड्यावर येण्याआधी इंजेक्शनही झालं. तरी शेडचा स्वॅब पॉझिटिव्ह. मागच्या बॅचलाही हेच. आता लस बदलू का?"

लस बदलणं हे शेवटचं काम. बहुतेक ठिकाणी बाटलीतली लस चांगलीच असते. ती कोंबडीपर्यंत पोचलेली नसते, किंवा पोचते पण शेडमध्ये जंतू इतके असतात की तिचा टिकाव लागत नाही, किंवा सापडलेला साल्मोनेला त्या लसीच्या आवाक्यातलाच नसतो. या तिन्हींची तपासणी वेगवेगळी आहे आणि खर्चही वेगळा. न तपासता लस बदलणं म्हणजे चूल पेटत नाही म्हणून तवा बदलणं.

लसीकडून किती अपेक्षा ठेवायची

मानमोडीची किंवा देवीची लस नीट लागली की कळप त्या रोगापासून बराचसा सुटतो. साल्मोनेलाचं तसं नाही. ही लस जंतूला आतड्यात घर करणं अवघड करते, विष्ठेतून बाहेर पडणाऱ्या जंतूंचं प्रमाण आणि दिवस कमी करते, आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे अंडाशय व अंडनलिकेपर्यंत संसर्ग जाण्याचं प्रमाण खाली आणते. जंतूला पूर्ण दारबंदी ती करत नाही. बिनलसीच्या कोंबडीला जेवढे जंतू पुरतात त्याहून बरेच जास्त जंतू लस घेतलेल्या कोंबडीला लागतात, एवढाच याचा अर्थ. ते "बरेच जास्त" शेडमध्ये आधीच पडलेले असतील, तर लस हरणारच.

याचं मोठ्या प्रमाणावरचं उदाहरण ब्रिटनचं आहे. तिथल्या अंड्यांच्या 'लायन' योजनेत १९९८ पासून अंड्याच्या कोंबड्यांना साल्मोनेला एन्टेरिटिडिस या प्रकाराची लस बंधनकारक झाली. इंग्लंड आणि वेल्समध्ये या जंतूचा माणसांत सर्वांत जास्त आढळणारा उपप्रकार पीटी-४, त्याचे नोंदवलेले रुग्ण १९९७ मध्ये १४,७७१ होते, ते २००९ मध्ये ५८१ वर आले. हा आकडा लसीच्या जाहिरातीत शोभतो, पण त्याच योजनेत उंदीर नियंत्रण, शेडची स्वच्छता, नियमित तपासणी आणि प्रत्येक अंड्यावर शिक्का हेही होतं. उलट स्वीडन आणि फिनलंड यांनी लसीवर न विसंबता, तपासणी आणि बाधित कळप काढून टाकण्यावर भर देऊन साल्मोनेला ताब्यात ठेवला. म्हणजे लसीशिवाय जमू शकतं, नुसत्या लसीवर मात्र जमत नाही.

रिपोर्टवर नेमकं काय लिहिलंय?

"साल्मोनेला आढळला" एवढ्यावर कुठलाही निर्णय घेऊ नका. साल्मोनेलाचे अडीच हजारांहून जास्त प्रकार आहेत. प्रयोगशाळेकडून सीरोटायपिंग, म्हणजे नेमका प्रकार ओळखणारी चाचणी, करून घ्या, निदान गट तरी कळू द्या. एन्टेरिटिडिस, गॅलिनेरम आणि पुलोरम हे 'डी' गटातले, त्यांची जंतूच्या पृष्ठभागावरची ओ-९ ही खूण सारखी. टायफिम्युरियम आणि हायडलबर्ग 'बी' गटातले, ओ-४ वाले. इन्फंटिस ओ-७ मध्ये येतो, केंटकी ओ-८ मध्ये.

बाजारात मिळणाऱ्या बहुतेक लसी एन्टेरिटिडिस, टायफिम्युरियम किंवा या दोघांवर बेतलेल्या असतात. एकाच गटातल्या भावंडांवर लस थोडंफार काम करते. गॅलिनेरमपासून बनवलेली जुनी '९ आर' ही जिवंत लस मुळात कोंबड्यांच्या टायफॉइडसाठी, पण एन्टेरिटिडिसवरही तिचा उपयोग होतो, तो याच कारणाने. गट बदलला की संरक्षण झपाट्याने पातळ होतं. तेव्हा एन्टेरिटिडिसची लस दिलेल्या शेडमध्ये इन्फंटिस सापडला, तर लस फसली असं म्हणता येणार नाही. ती त्या जंतूसाठी नव्हतीच. अशा वेळी उत्तर शेडमध्ये, खाद्यात किंवा हॅचरीत शोधायचं. तोच प्रकार बॅचमागून बॅच चिकटून राहिला, तर त्याच फार्मवरचा जंतू मारून त्यापासून लस बनवून घेण्याचा विचार पशुवैद्यकाबरोबर करता येतो. जिथे कायद्याने परवानगी आहे तिथेच.

दुसरी शक्यता अनेकांच्या डोक्यात येतच नाही: सापडलेला जंतू लसीचाच असू शकतो. पाण्यातून दिलेली जिवंत लस म्हणजे कमजोर केलेला जिवंत साल्मोनेला. तो काही दिवस, कधी काही आठवडे, विष्ठेतून बाहेर पडतो आणि बूट स्वॅबमध्ये (बुटांवर कापड चढवून शेडमध्ये चालून घेतलेल्या नमुन्यात) सापडतो. लस दिल्यावर लगेच नमुने पाठवले, तर पॉझिटिव्ह रिपोर्टमध्ये आश्चर्य काहीच नाही. काही लसींच्या जंतूवर ठरावीक अँटिबायोटिकची खूण मुद्दाम ठेवलेली असते, तर काही पोषकद्रव्यांवर वाढण्याच्या पद्धतीवरून ओळखता येतात. त्यासाठी विशिष्ट चाचण्या मिळतात. नमुन्याबरोबर जाणाऱ्या कागदावर लसीचं नाव आणि शेवटच्या डोसची तारीख लिहा. हे लिहिलं नसेल, तर प्रयोगशाळेला फरक करून बघायचं कारणच उरत नाही.

रक्ततपासणीतही हाच घोळ होतो. मारलेल्या लसीचं (मारलेल्या जंतूंपासून बनवलेल्या लसीचं) इंजेक्शन घेतलेली कोंबडी पुलोरमच्या झटपट प्लेट टेस्टला पॉझिटिव्ह येऊ शकते, कारण अँटिबॉडी त्याच ओ-९ वर बसतात. लसवंत कळपात संसर्ग आहे की नाही हे रक्तावरून ठरवू नका. जंतू वाढवूनच ठरवा.

आणि मर होतेय का, हेही बघा. एन्टेरिटिडिस किंवा टायफिम्युरियम झालेली मोठी कोंबडी सहसा ठणठणीत दिसते. खाते, पिते, अंडी देते. मरतात ती पहिल्या दोन आठवड्यांतली पिल्लं. वाढलेल्या कोंबड्या तुरे फिके पडून, पिवळसर-हिरवट हगवण लागून मरत असतील आणि शवविच्छेदनात यकृत सुजलेलं, तांब्यासारख्या झाकेचं दिसत असेल, तर संशय गॅलिनेरमवर, म्हणजे टायफॉइडवर घ्यायचा. तो वेगळा रोग आहे आणि त्याचा बंदोबस्तही वेगळा. पुढचं सगळं मुख्यतः पहिल्या दोघांबद्दल आहे.

पॉझिटिव्ह कधी आला, यावरून अर्धं उत्तर मिळतं

मला सर्वांत उपयोगी वाटणारा कागद म्हणजे त्या बॅचचा तारखांचा तक्ता: पिल्लं कधी आली, प्रत्येक डोस कधी दिला, कळप कधी हलवला, खाद्य कधी बदललं, औषध कधी दिलं, नमुना कधी घेतला. बहुतेक फार्मवर ही माहिती असते, पण चार वह्यांत विखुरलेली. एका पानावर आणा.

पिल्लांच्या खोक्यात खाली अंथरलेला कागद आणि वाटेत मेलेली पिल्लं पहिल्याच दिवशी पॉझिटिव्ह असतील, तर संसर्ग ब्रीडरकडून (पिल्लांच्या आईबापांच्या कळपाकडून) किंवा हॅचरीतून आला आहे. अंड्यातून बाहेर आलेल्या पिल्लाच्या आतड्यात स्वतःचे चांगले जंतू जवळपास नसतात. त्यामुळे अगदी मोजके साल्मोनेलाही तिथे ठाण मांडतात. ही गोष्ट फिनलंडच्या नुर्मी आणि रांताला यांनी १९७३ मध्ये दाखवून दिली. निरोगी मोठ्या कोंबडीच्या आतड्यातले जंतू त्यांनी पिल्लांना पाजले, तेव्हा साल्मोनेलाला जागा मिळेनाशी झाली. पहिल्या दिवशी जिवंत लस द्यायची त्यामागेही काही अंशी हेच गणित आहे, लसीचा जंतू आधी जागा अडवतो. पण खोक्यातच संसर्ग झालेल्या पिल्लाला ती लस उशिराची ठरते. इथे फार्मवर काहीही केलं तरी पुढची बॅच तशीच येणार. पिल्लं देणाऱ्याकडून ब्रीडर कळपाचे रिपोर्ट मागा. ते मिळत नसतील, तर तेच उत्तर समजा.

पहिला दिवस स्वच्छ आणि तिसऱ्या आठवड्यापासून पुढे तलंगांमध्ये (अजून अंड्यावर न आलेल्या कोंबड्यांमध्ये) पॉझिटिव्ह, असं असेल तर आधी रिअरिंग शेड, म्हणजे पिल्लं वाढवायची शेड, आणि मग खाद्य तपासा. मागच्या बॅचचं काहीतरी उरलेलं असतं.

सर्वांत जास्त दिसणारं चित्र तिसरं. तलंगा निगेटिव्ह असतात, लेयर शेडमध्ये (अंड्याच्या कोंबड्यांच्या शेडमध्ये) हलवल्यावर काही आठवड्यांत पॉझिटिव्ह येतात. लस पूर्ण झालेली, रिअरिंग स्वच्छ, आणि तरी घाण. इथे लेयर शेड तपासा, त्यातही उंदीर. हलवणं, नवी जागा, नवं खाद्य, पहिलं अंडं हे सगळं एकाच वेळी येतं आणि त्या ताणात कोंबडीची प्रतिकारशक्ती तात्पुरती ढासळते. नेमक्या त्याच वेळी ती मागच्या बॅचच्या धुळीत उतरते.

वय झाल्यावर, अंड्यांचं उत्पादन शिखरावरून उतरल्यानंतर किंवा पीस गाळायला लावल्यावर पॉझिटिव्ह येणं हे चौथं. खाद्य बंद करून पीस गाळायला लावलं की जंतू बाहेर पडण्याचं प्रमाण खूप वाढतं. याच काळात लसीचा परिणामही ओसरत असतो. दुसऱ्या उत्पादन चक्रासाठी कोंबड्या ठेवणार असाल, तर पुन्हा लस द्यायची का आणि कोणती, हे आधीच ठरवावं लागतं. उत्पादनातल्या कोंबड्यांना काही जिवंत लसी चालत नाहीत, त्यामुळे लेबल वाचल्याशिवाय काही देऊ नका.

पाण्यातून दिलेली लस खरंच पोटात गेली का?

इथे थोडं रेंगाळणार आहे, कारण जिवंत लसीचं सर्वांत जास्त नुकसान टाकी आणि निपल (कोंबडी चोच लावून पाणी पिते ती तोटी) यांच्यामधल्या पाइपमध्ये होतं.

लस जिवंत जंतूंची आहे, आणि पाण्यातले जंतू मारण्यासाठी आपण वर्षभर जे जे करतो ते सगळं तिलाही मारतं. क्लोरीन लसीच्या दोन दिवस आधी बंद करा आणि लसीनंतर एक दिवस तरी सुरू करू नका. उरलंसुरलं क्लोरीन निकामी करायला स्किम दूध पावडर लिटरला सुमारे २ ते २.५ ग्रॅम, लस मिसळण्याआधी १५-२० मिनिटं. सायीच्या दुधाची पावडर नको, निपल चोंदतात. पेरॉक्साइड किंवा दुसरं जंतुनाशक वापरत असाल तर दूध पावडरच्या भरवशावर राहू नका. ते पुरेसं आधी थांबवून पाइप साध्या पाण्याने वाहवून घ्या.

ॲसिडिफायर हा त्यातला छुपा रुस्तम. साल्मोनेला कमी व्हावा म्हणून पाण्यात सेंद्रिय आम्ल घालतात, ते बरोबरच आहे. पण तीच डोसिंग मोटर लसीच्या दिवशीही चालू राहिली, तर ते लसीच्या साल्मोनेलालाही कमी करणार. मोटर बंद केली म्हणजे काम झालं असंही नाही, पाइपमधलं आम्लाचं पाणी बाहेर पडायला हवं. पीएच मोजायची पट्टी स्वस्त असते. पाइपच्या शेवटच्या टोकाचं पाणी तपासा, टाकीचं नको.

पाइप आतून बुळबुळीत असेल तर तिथे जंतूंचा थर साचलेला आहे. त्यात लस अडकते, आणि कधीकधी खरा साल्मोनेलाही तिथेच राहत असतो. ही साफसफाई लसीच्या काही दिवस आधी करायची. आदल्या रात्री केली, तर साफ करणाऱ्या औषधाचा अंश लसीच्या पाण्यात येतो.

किती पाण्यात लस घालायची? आदल्या दिवशी त्याच वेळेला कळप दोन तासांत किती पाणी पितो ते मीटरवर बघा, तेवढंच. पाणी कमी पडलं तर दांडगट कोंबड्या दोनदा पितात आणि मागे राहिलेल्यांना काहीच मिळत नाही. जास्त झालं तर लस तासन्‌तास टाकीत पडून मरते. लसीआधी तहान लागू द्यायची, पण उन्हाळ्यात तासभर पुरे होतो. लहान पिल्लांना तर आणखी सांभाळून. सुरुवातीला प्रत्येक लाइनचं टोक उघडून पाणी सोडा आणि लसीचं रंगीत पाणी तिथवर आलं की बंद करा. हे केलं नाही, तर शेवटच्या टोकाच्या कोंबड्या पहिली बरीच मिनिटं पाइपमधलं जुनं पाणी पितात, त्यावर त्यांची तहान भागते आणि लस येते तेव्हा त्या निपलकडे फिरकत नाहीत.

रंगाचा उल्लेख आलाच आहे, तर तो वापराच. लसीबरोबर चालणारा निळा रंग मिळतो. लस दिल्यावर शेडच्या वेगवेगळ्या भागांतून, विशेषतः कोपऱ्यांतून आणि लाइनच्या शेवटून, शंभरेक कोंबड्या पकडा आणि जीभ व गळ्याची पिशवी बघा. नव्वदच्या खाली निळ्या निघाल्या तर लसीकरण झालं असं धरू नका. एवढी एक तपासणी केली असती, तर पुढचे कितीतरी वाद वाचले असते असं मला नेहमी वाटतं. पण तिच्यासाठी वेळ काढायला कोणी तयार नसतं, कारण त्या दिवशी सगळ्यांना लवकर सुटायचं असतं.

डोस वाचवणं हा प्रकारही आहे. हजार डोसची बाटली दीड हजार कोंबड्यांना पुरवली जाते. मग लस निकृष्ट असल्याची चर्चा सुरू होते. लस २ ते ८ अंशांत ठेवायची, मिसळल्यावर लगेच वापरायची, उन्हात ठेवायची नाही, प्लॅस्टिकच्या भांड्यात कालवायची, हे सगळ्यांना पाठ असतं. कधी काय झालं ते बघायचं असेल, तर फ्रिजमध्ये किमान-कमाल तापमान नोंदवणारा थर्मामीटर ठेवा. वीज गेलेली रात्र त्यात दिसते.

आता अँटिबायोटिक. लसीच्या दिवसाच्या आगेमागे दिलेलं अँटिबायोटिक लसीच्या जंतूला मारून टाकतं. बऱ्याच लसींसाठी आधी आणि नंतर किमान तीन दिवसांची मोकळीक सांगितलेली असते, लेबलवर जास्त लिहिलं असेल तर तेवढी ठेवा. पिल्लं आली की पहिले काही दिवस "सुरक्षिततेसाठी" अँटिबायोटिक पाजायची पद्धत अनेक ठिकाणी आहे, आणि जिवंत लसही पहिल्याच दिवशी. दोन्ही एकत्र केलंत तर लसीचे पैसे पाण्यात गेले, शब्दशः.

पॉझिटिव्ह रिपोर्टनंतर अँटिबायोटिक देऊन पुन्हा स्वॅब पाठवणं तर आणखी वाईट. जंतूचं बाहेर पडणं काही दिवस दबतं, रिपोर्ट निगेटिव्ह येतो, सगळे खूश. औषध थांबल्यावर तो परत येतो, शिवाय आतड्यातले चांगले जंतू गेल्याने त्याला जागा आणखी मोकळी मिळते आणि औषधाला न जुमानणारे जंतू तयार होण्याची शक्यता वाढते. कागद स्वच्छ करण्यासाठी औषध देऊ नका.

इंजेक्शनच्या लसीचं

मारलेली लस रक्तात भरपूर अँटिबॉडी तयार करते आणि अंड्यातला संसर्ग कमी करण्यात तिचा चांगला हात असतो. आतड्याच्या पातळीवरचं संरक्षण मात्र जिवंत लस जास्त चांगलं देते. म्हणून रिअरिंगमध्ये जिवंत लस आणि अंड्यावर येण्याआधी मारलेली लस, ही जोडी मला सर्वांत भरवशाची वाटते. नुसतं इंजेक्शन देऊन पिल्लांना उघडं सोडण्यात अर्थ नाही.

इंजेक्शन चुकतं ते लस टोचणाऱ्या टोळीच्या वेगात. संध्याकाळपर्यंत शेड संपवायची असते, मग सुई पिसांतून आरपार जाते, अर्धा डोस बाहेर सांडतो, काही पिंजरे राहून जातात. तेलातली लस फ्रिजमधून काढून थेट टोचली तर घट्ट असते, डोस नीट जात नाही आणि गाठी येतात. ती खोलीच्या तापमानाला येऊ द्या, मधूनमधून हलवा, सुया वेळेवर बदला. ती कधी गोठली असेल तर टाकून द्या. इथे एक सोय आहे: इंजेक्शननंतर काही आठवड्यांनी थोड्या कोंबड्यांचं रक्त एलायझा या अँटिबॉडी मोजणाऱ्या चाचणीला पाठवलं, तर टोळीने काम कसं केलं ते कळतं. सगळ्यांचे आकडे साधारण सारखे आले तर ठीक. काही खूप वर आणि काही शून्याजवळ, तर कोंबड्या सुटल्या आहेत. पाण्यातल्या जिवंत लसीला ही तपासणी लावू नका, तिच्या अँटिबॉडी मुळातच कमी दिसतात.

वेळापत्रकाबद्दल थोडक्यात. अंड्याच्या कोंबड्यांना जिवंत लसीचे डोस साधारणपणे पहिल्या दिवशी किंवा पहिल्या आठवड्यात, मग सहा ते आठ आठवड्यांना, आणि सोळाव्या आठवड्याच्या आसपास असतात. शेवटचा डोस अंडी सुरू होण्याच्या तीन आठवडे तरी आधी. '९ आर' मात्र पिल्लांना देत नाहीत, ती साधारण सहा आठवड्यांनंतर आणि टोचून देतात. मधला डोस "पिल्लं चांगली आहेत" म्हणून गाळला जातो, तो गाळू नका. आजारी कळपाला लस देऊ नका. गामबोरो आणि चिक ॲनिमिया हे विषाणूंचे रोग किंवा खाद्यातली बुरशीची विषं यांनी प्रतिकारशक्ती आधीच दबलेली असेल, तर लस बरोबर दिली तरी ती लागत नाही. रक्ती हगवणीने आतडं सोललेलं असेल, तर साल्मोनेलाला आयतीच वाट. दर बॅचला गामबोरोचा त्रास असेल, तर साल्मोनेलाचा विचार नंतर करा.

मांसाच्या ब्रॉयलर पिल्लांचं आयुष्यच पाच-सहा आठवड्यांचं, त्यामुळे तिथे पिल्लांना लस देण्यापेक्षा ब्रीडरला लस देणं जास्त फळतं.

शेडमध्ये काय उरलंय

बॅच गेली, शेड धुतली, फॉर्मलिन मारलं, आणि पुढची बॅच पुन्हा पॉझिटिव्ह. या चक्राच्या मुळाशी बहुतेक वेळा उंदीर असतात. बाधित उंदराच्या एका लेंडीत लाखाहून जास्त साल्मोनेला सापडले आहेत. एक उंदीर रात्रीत डझनावारी लेंड्या टाकतो, आणि त्या पडतात खाद्याच्या पन्हळीत. कोंबड्या त्या दाण्यासारख्या टिपतात. लस जेवढ्या जंतूंना तोंड देऊ शकते त्याचा हिशेब इथेच कोलमडतो. शिवाय शेड रिकामी असताना उंदीर जात नाहीत. ते भिंतीत, छताच्या पोकळीत, बाहेरच्या गवतात थांबतात, आणि पुढच्या बॅचला मागच्या बॅचचा जंतू आणून देतात.

"आमच्याकडे उंदीर नाहीत" हे वाक्य दिवसा बोललं जातं. अंधार झाल्यावर दिवे बंद करून टॉर्च घेऊन जा. दिवसासुद्धा उंदीर दिसत असतील, तर संख्या हाताबाहेर गेली आहे. सहा-सात मिलिमीटरची फट लहान उंदराला पुरते, म्हणजे तुमच्या पेन्सिलीएवढी. दाराखालची फट, पाइप जिथे भिंतीतून येतो ती जागा आणि खाद्याच्या गोदामाचं दार तपासा. विष फक्त बॅच निघाल्यावर टाकू नका. कळप असताना, कोंबड्यांना पोचणार नाही अशा बंद पेट्यांतून, वर्षभर चालू ठेवा. बॅच निघाली की खाद्य संपतं, उंदीर उपाशी होतात, तेव्हा विष सर्वांत जास्त खाल्लं जातं. त्यामुळे शेड धुण्याआधी पेट्या भरा, नंतर नाही.

धुण्याच्या क्रमात लोक घाई करतात. आधी सुकं खरवडणं: लिटर (जमिनीवरचं अंथरण), धूळ, पंख्यांच्या पात्यांवरची काजळी, पिंजऱ्यांच्या सांध्यातली विष्ठा. मग साबणाचं पाणी. मग पूर्ण वाळवणं. त्यानंतर जंतुनाशक. ओल्या भिंतीवर मारलेलं जंतुनाशक पातळ होतं आणि शेणकाल्यावर मारलेलं वायाच जातं. जोरदार पाण्याचा फवारा मारून न वाळवता शेड बंद केली, तर ओलावा आणि उरलेली विष्ठा मिळून जंतू वाढण्याचीच सोय होते. त्यापेक्षा नीट झाडून कोरडी ठेवलेली शेड बरी. सुक्या धुळीतही साल्मोनेला वर्षभराहून अधिक जगू शकतो, तेव्हा शेड दोन आठवडे रिकामी ठेवली म्हणजे तो आपोआप मेला असं समजू नका. अंडी वाहणारा पट्टा, अंड्यांचे ट्रे आणि विष्ठेचा पट्टा ज्या रोलरवर फिरतो ती जागा, या तीन गोष्टी बहुतेक वेळा राहून जातात.

लाल माइट पिंजऱ्यांच्या सांध्यांत, लिटरमधले काळे भुंगे भिंतीच्या इन्सुलेशनमध्ये, आणि माश्या सगळीकडे. हे सगळे जंतू एका बॅचकडून दुसरीकडे नेऊ शकतात. एकाच आवारात वेगवेगळ्या वयाच्या कोंबड्या असतील, तर शेड कधीच खऱ्या अर्थाने रिकामी होत नाही. तिथे निदान प्रत्येक शेडचे बूट वेगळे ठेवा आणि काम लहान कोंबड्यांकडून मोठ्यांकडे करत जा.

खाद्यातून आलेला साल्मोनेला बहुधा नव्या, अनोळखी प्रकाराचा असतो. अचानक दोन-तीन वेगवेगळे प्रकार एकदम सापडले, तर खाद्याकडे, विशेषतः मासळी, मांस-हाडांचा चुरा आणि तेलबियांची पेंड यांकडे बघा. गोळी करताना उष्णतेने जंतू मरतात, पण थंड होताना कूलरमध्ये धूळ बसली तर पुन्हा लागतात.

पुढच्या बॅचसाठी

शेड धुऊन वाळल्यावर आणि पिल्लं किंवा तलंगा येण्याआधी, रिकाम्या शेडचे स्वॅब घ्या: पंखे, पन्हळी, पट्ट्यांचे रोलर, फरशीच्या भेगा, जमिनीवरची धूळ, आणि सापडले तर उंदराच्या लेंड्या वेगळ्या. हा पैसा बॅच आल्यावर खर्च करण्यापेक्षा इथे करा. पॉझिटिव्ह आला, तर नव्या कोंबड्या आणू नका, पुन्हा धुवा. खोक्यातला कागद पहिल्या दिवशी पाठवा. नंतर तलंगा हलवण्याच्या दोनेक आठवडे आधी, आणि लेयर शेडमध्ये गेल्यावर २२ ते २६ आठवड्यांच्या दरम्यान. जिवंत लसीच्या तारखेपासून पुरेसं अंतर ठेवून. बूट स्वॅबसाठी शेडच्या सगळ्या भागांतून चाला, पिंजऱ्यांत असतील तर विष्ठेच्या पट्ट्यावरून आणि स्क्रेपरवरून एकत्र नमुना घ्या. नमुना फ्रिजमध्ये ठेवा आणि शक्यतो दोन दिवसांत प्रयोगशाळेत पोचवा. पायाला जंतुनाशक लावून चालल्यावर घेतलेला स्वॅब निगेटिव्हच येणार.

आत्ता हातात असलेल्या पॉझिटिव्ह कळपाचं काय, तर तो लसीने सुधारत नाही. संसर्ग झाल्यावर दिलेली लस तो काढून टाकत नाही. पशुवैद्यकाला आणि जिथे कळवणं बंधनकारक आहे तिथे संबंधित खात्याला कळवा. एन्टेरिटिडिस असेल तर अंडी कच्ची विकू नका. बाधित कळपातही दूषित अंड्यांचं प्रमाण फारच कमी असतं, पण ती बाहेरून ओळखता येत नाहीत, कवच धुऊन आतला जंतू जात नाही. अशी अंडी उष्णतेने पाश्चराइझ होणाऱ्या प्रक्रियेलाच द्यायची. शेडमध्ये काम करणाऱ्यांनी हातमोजे, वेगळे बूट, आणि जेवणाआधी साबणाने हात. जिवंत लस कालवतानाही हेच, कमजोर असला तरी तो साल्मोनेलाच आहे.

हे सगळं तपासलं, निळ्या जिभा नव्वदच्या वर, रिकामी शेड निगेटिव्ह, खोक्याचा कागद निगेटिव्ह, उंदरांच्या पेट्यांतलं विष कोणी खात नाही, आणि तरीही त्याच गटाचा, लसीचा नसलेला जंतू येतोय, तर मग लस बदलण्याबद्दल पशुवैद्यकाशी बोला. जाताना तो तारखांचा एका पानाचा तक्ता बरोबर न्या.